वाचकांचे प्रश्न : भरतीत बुडणाऱ्या खडकावरची दीपगृहे

प्रश्न : भर समुद्रात, जमिनीपासून दहा-पंधरा किलोमीटर आत, भरतीला पूर्ण पाण्याखाली जाणाऱ्या खडकावर दोन-अडीचशे वर्षांपूर्वी दगडी दीपगृहे बांधली गेली, असे वाचनात आले. त्या काळी वाफेच्या यंत्रावर चालणाऱ्या बोटीही जेमतेम निघत होत्या. मग अशा जागी पाया खणायचा कसा, चुना वाळायचा कसा आणि कामगार राहायचे कुठे?
— एक वाचक, दापोली

उत्तर : आपल्या प्रश्नातला प्रत्येक भाग त्या काळच्या बांधकाम करणाऱ्यांना वेगवेगळा सोडवावा लागला, आणि त्यासाठी एकाच खडकावर तीन दीपगृहे उभारावी लागली. तो खडक म्हणजे इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील प्लिमथ बंदरापासून सुमारे बावीस किलोमीटर अंतरावरचा एडिस्टन. प्लिमथकडे येणाऱ्या जहाजांच्या ऐन वाटेवर हा खडक होता आणि भरतीला तो दिसतही नसे.

पहिला प्रयत्न हेन्री विन्स्टनली याने केला. त्याची स्वतःची जहाजे या खडकावर फुटली होती. 1696च्या उन्हाळ्यात काम सुरू झाले आणि त्या संपूर्ण हंगामात खडकात बारा भोके पाडून त्यांत लोखंडी पहारी वितळलेल्या शिशाने पक्क्या करणे एवढेच काय ते साधले. पुढच्या वर्षी फ्रान्सशी युद्ध चालू असताना एका फ्रेंच जहाजाने विन्स्टनलीला खडकावरून धरून नेले. राजा चौदाव्या लुईने मात्र, आपले युद्ध इंग्लंडशी आहे, मानवजातीशी नाही, असे सांगून त्याला परत पाठवले, अशी हकीकत सांगितली जाते. नोव्हेंबर 1698मध्ये दिवा लागला. ती इमारत सज्जे, कमानी आणि नक्षीकाम यांनी भरलेली होती, म्हणजे वाऱ्याला आणि लाटेला धरायला जागोजागी काहीतरी होते. 1703च्या नोव्हेंबरमध्ये आलेल्या प्रचंड वादळात ती एका रात्रीत नाहीशी झाली. डागडुजीसाठी त्या रात्री तेथेच असलेला विन्स्टनलीही तिच्याबरोबर गेला. पुढच्या एक-दोन दिवसांतच व्हर्जिनियाहून तंबाखू घेऊन येणारे विंचेल्सी नावाचे जहाज त्याच खडकावर फुटले.

दुसरे दीपगृह जॉन रुडयर्ड या रेशमाच्या व्यापाऱ्याने 1709मध्ये पूर्ण केले. वर निमुळते होत जाणारे, बाहेरून गुळगुळीत, लाकडाचे आणि आत वजनासाठी दगड भरलेले असे ते होते. समुद्राने त्याचे काही बिघडवले नाही. ते सेहेचाळीस वर्षे टिकले आणि डिसेंबर 1755मध्ये दिव्याच्या कोठडीच्या छताला आग लागून जळून गेले. त्या रात्री पहाऱ्यावर हेन्री हॉल नावाचा चौऱ्याण्णव वर्षांचा राखणदार होता. खालून बादल्यांनी पाणी वर फेकत असताना छतावरचे शिसे वितळून त्याच्या अंगावर पडले, आणि थोडे शिसे आपल्या घशात गेले असे तो सांगत राहिला. डॉक्टरांनी ते खरे मानले नाही. बाराव्या दिवशी तो वारला, तेव्हा त्याच्या जठरातून सुमारे दोनशे ग्रॅमचा शिशाचा गोळा निघाला. तो गोळा आज एडिंबरोच्या संग्रहालयात आहे.

तिसरे काम जॉन स्मीटन याच्याकडे आले, आणि आपल्या प्रश्नाचे खरे उत्तर येथून सुरू होते. स्मीटन मूळचा शास्त्रीय उपकरणे बनवणारा. त्यामुळे मापाची काटेकोर सवय त्याच्या हातात होती. दीपगृह दगडाचेच हवे, कारण लाटेपुढे वजन लागते, हे त्याने ठरवले. पण सुटे दगड चुन्यात बसवले आणि चुना पक्का होण्याआधी भरती आली, तर सगळे धुऊन जाणार. म्हणून त्याने दगड एकमेकांत अडकतील असे घडवायचे ठरवले. सुतार पेटीचा कोपरा जोडताना एका फळीला टोकाकडे रुंद होत जाणारे दात काढतो आणि दुसऱ्या फळीत तशाच खाचा पाडतो. एकदा बसले की ओढून निघत नाहीत. ग्रॅनाइटचा प्रत्येक दगड असाच खाचा-दातांनी शेजारच्या दगडात गुंतवला गेला. सर्वांत खालचे थर खुद्द खडकात कोरलेल्या पायऱ्यांमध्ये त्याच पद्धतीने अडकवले. वरचा थर खालच्यावरून सरकू नये म्हणून दोहोंच्या मध्ये संगमरवराचे ठोकळे अर्धे खाली, अर्धे वर असे बसवले. जोवर चुना ओला आहे तोवर धरून ठेवण्यासाठी ओकच्या लाकडाच्या पाचरी आणि खुंट्या ठोकल्या. अशा रीतीने नुकताच बसवलेला दगड त्याच दिवशी भरतीखाली गेला तरी हलत नसे.

राहिला चुन्याचा प्रश्न. साधा चुना हवेत सुकून घट्ट होतो, पाण्याखाली तो मऊच राहतो. स्मीटनने ठिकठिकाणचे चुनखडीचे दगड मागवले, ते भाजून त्यांच्या चुन्याचे गोळे पाण्यात टाकून पाहिले आणि ते दगड आम्लात विरघळवून खाली काय उरते तेही तपासले. ज्या चुनखडीत माती मिसळलेली असते तिचाच चुना पाण्याखाली घट्ट होतो, असे त्याच्या लक्षात आले. तोपर्यंत जितकी चुनखडी शुभ्र आणि कठीण, तितका चुना चांगला असा सर्रास समज होता. तो या प्रयोगांनी मोडला. त्याने वेल्सच्या किनाऱ्यावरील ॲबरथॉचा चुना घेतला आणि इटलीतून आणलेली पोझोलाना ही ज्वालामुखीची राख त्यात समभाग मिसळली. पुढे 1824मध्ये ज्या पोर्टलँड सिमेंटचे पेटंट घेतले गेले, त्याच्या वाटेवरचा हा एक मोठा टप्पा आहे. माझ्या मते स्मीटनचे हे काम त्याच्या मनोऱ्यापेक्षाही थोर आहे, कारण त्याचा उपयोग पुढे प्रत्येक बंदराला, पुलाला आणि धरणाला झाला.

या सगळ्यामागची युक्ती अशी की दीपगृहाचे बहुतेक काम किनाऱ्यावर झाले. प्लिमथजवळच्या आवारात प्रत्येक थर जमिनीवर आधी पूर्ण रचून पाहिला जाई, दगडांवर खुणा केल्या जात, थर सोडवला जाई आणि मग तेच दगड होडीतून खडकावर जात. तेथे पाथरवटाने छिन्नी चालवत बसायचे कारणच उरत नसे. पहिला दगड जून 1757मध्ये बसला, आणि 16 ऑक्टोबर 1759च्या रात्री चोवीस मेणबत्त्यांचा दिवा लागला. जवळपास दीड हजार दगडांचा, बावीस मीटर उंचीचा तो मनोरा हिवाळ्यांची सुट्टी वगळता तीन हंगामांत उभा राहिला. युद्धकाळ असल्यामुळे नौदलाची माणसे किनाऱ्यावरच्या धडधाकट पुरुषांना पकडून जहाजांवर भरती करीत. आपला कामगार त्यांच्या हाती लागू नये म्हणून स्मीटनच्या माणसांना ओळखीची पदके दिली गेली होती.

कामगार राहायचे कुठे, याचे सर्वांत चांगले उत्तर स्कॉटलंडच्या पूर्व किनाऱ्यावरील बेल रॉक देतो. आर्ब्रोथ गावापासून सुमारे अठरा किलोमीटर आत असलेला हा वालुकाश्माचा खडक एडिस्टनपेक्षाही अवघड होता. उधाणाच्या ओहोटीला तो जेमतेम मीटर-सव्वा मीटर वर येई आणि भरतीला त्याच्यावर दोन पुरुष पाणी असे. 1804मध्ये यॉर्क ही युद्धनौका जवळपास पाचशे माणसांसह नाहीशी झाली. ती याच खडकावर आदळली असे मानले गेले, आणि त्यानंतर दोन वर्षांनी संसदेने दीपगृहाला मंजुरी दिली. मुख्य अभियंता म्हणून जॉन रेनी याची नेमणूक झाली. प्रत्यक्ष खडकावर राहून काम करवून घेणारा अभियंता रॉबर्ट स्टीव्हन्सन होता. श्रेय कोणाचे यावर दोन्ही घराण्यांत पुढे बराच वाद झाला. आराखड्यातील रेनीचा वाटा नाकारता येत नाही. पण खडकावरचे चार हंगाम ज्याने काढले त्याच्याकडे माझा कल आहे.

ऑगस्ट 1807मध्ये काम सुरू झाले तेव्हा माणसे जवळ नांगरलेल्या जहाजावर राहात. सुकती लागली की होड्या खडकाकडे निघत. कधी दोन-अडीच तास, कधी त्याहूनही कमी वेळ हाती असे. खडक टणक असल्यामुळे छिन्न्या आणि कुदळी लगेच बोथट होत आणि त्यांना धार लावायला किनाऱ्यावर जाणे शक्य नव्हते. म्हणून खडकावरच लोहाराची भट्टी उभारली गेली. पाणी चढू लागले की लोहार गुडघाभर पाण्यात उभा राहून घण मारत असे. भाता वर असल्यामुळे आग तेवढी चालू राही, आणि एखादी लाट थेट भट्टीत आली की त्या दिवसाचे काम तेथेच संपे.

पहिल्याच हंगामात, 2 सप्टेंबर 1807 रोजी, सगळे संपते की काय अशी वेळ आली. खडकावर बत्तीस माणसे होती. त्यांना आणणारे, स्मीटनच्याच नावाचे जहाज दोर तुटून वाऱ्याबरोबर दूर वाहात गेले. खडकाशी बांधलेल्या दोन होड्यांत सगळे मावणे शक्य नव्हते आणि पाणी चढत होते. कामगार मान खाली घालून खणत असल्यामुळे ही गोष्ट आधी फक्त स्टीव्हन्सनला आणि माणसांना खडकावर उतरवण्याची व्यवस्था पाहणाऱ्या प्रमुखाला कळली. मग कामगारही एकेक करून काम टाकून होड्यांजवळ येऊन उभे राहिले. कोणी काही बोलेना. स्टीव्हन्सनला बोलायचे होते, पण तोंडाला इतकी कोरड पडली होती की जीभ हलेना. खडकाच्या खळग्यातले पाणी ओंजळीने घेऊन त्याने तोंड ओले केले आणि वळला, तोच कोणीतरी होडी आल्याची आरोळी ठोकली. आर्ब्रोथहून टपाल घेऊन येणारी ती वाटाड्याची होडी होती. ती त्या दिवशी त्या वेळी येणार हे कोणालाच ठाऊक नव्हते. दुसऱ्या दिवशी अनेकांनी खडकावर जायला नकार दिला, याचे आश्चर्य वाटायला नको.

या प्रसंगाने एक गोष्ट पक्की झाली : खडकावरच आसरा हवा. जाड तुळया खडकात रोवून, त्यांची टोके वर एकत्र बांधून, भरतीच्या पातळीच्या बऱ्याच वर लाकडी खोल्या तयार केल्या गेल्या. मनोरा वाढू लागल्यावर या खोल्यांपासून मनोऱ्यापर्यंत पूल टाकला गेला आणि मग भरतीची वेळही कामाची झाली. दगडांना धक्का लागू नये म्हणून होडी लागण्याच्या जागेपासून पायापर्यंत खडकावर लोखंडी रूळ घातले. फ्रान्सिस वॉट या मुकादमाने, वर जात असलेल्या मनोऱ्याच्या मध्यभागी उभी राहील आणि दुसऱ्या बाजूच्या वजनाने तोल सांभाळील अशी नवी यारी बनवली. आर्ब्रोथच्या आवारातून बंदरापर्यंत दगड ओढण्याचे काम बॅसी नावाच्या घोड्याने केले. 2,835 दगड, पस्तीस मीटर उंची, तळाशी जवळपास तेरा मीटर रुंदी आणि खालचे नऊ मीटर आतून भरीव, असा तो मनोरा 1810मध्ये पूर्ण झाला आणि 1 फेब्रुवारी 1811च्या रात्री त्याचा दिवा लागला. लाटा थेट अंगावर घेणाऱ्या दीपगृहांपैकी आज उभे असलेले हे सर्वांत जुने आहे.

प्रश्न : एवढ्या लाटा सोसून असा मनोरा पडत कसा नाही? त्याच्या आकारामुळे की वजनामुळे?
— एक वाचक, सातारा

उत्तर : दोन्हींमुळे, पण कोणाचा वाटा किती, यावर अभियंत्यांचे एकमत नव्हते. स्मीटनने आपल्या मनोऱ्याचा आकार ओकच्या बुंध्यावरून घेतल्याचे लिहिले आहे. तळ रुंद असल्यामुळे वजन खाली राहते आणि मनोरा उलटायला कठीण जातो, हा त्याचा फायदा निर्विवाद आहे. मात्र बाक घेतलेला तळ लाटेला वर चढण्यासाठी वाटही करून देतो. त्यामुळे मोठ्या तुफानात पाणी थेट दिव्यापर्यंत उसळते.

रॉबर्टचा मुलगा ॲलन स्टीव्हन्सन याने स्कॉटलंडच्या पश्चिमेकडील स्केरीव्होर या खडकावर 1838 ते 1844 या काळात दीपगृह बांधले, तेव्हा खाचा-दातांच्या जोडणीवर त्याने फारशी भिस्त ठेवली नाही. मनोरा पुरेसा जड आणि नीट तोललेला असला की वरच्या दगडांचे वजनच खालच्यांना जागेवर धरून ठेवते, असे त्याचे म्हणणे होते. पूर्ण मनोऱ्याबाबत ते बरोबर ठरले. परंतु अर्धवट बांधकामावर वरचे वजन नसते, आणि समुद्र तर बांधकाम पुरे होण्याची वाट पाहत नाही. स्केरीव्होरवरचा कामगारांचा पहिला लाकडी निवाराही नोव्हेंबर 1838मध्ये लाटांनी उखडून नेला होता. ॲलनचा भाऊ थॉमस याने लाटेचा दाब मोजण्याचे साधन तयार केले, आणि मार्च 1845मध्ये तेथेच दर चौरस फुटाला 6,083 पौंड, म्हणजे दर चौरस मीटरला सुमारे तीस टन, इतका दाब नोंदवला गेला. हा आकडा पाहिल्यावर अंदाजाने बांधण्याचे दिवस संपले.

स्मीटनच्या मनोऱ्याचे पुढे काय झाले हेही येथे सांगायला हवे. मनोरा पक्का राहिला, पण त्याच्या खालचा खडक लाटांनी पोखरला जाऊ लागला आणि मोठ्या लाटेसरशी मनोरा हादरू लागला. म्हणून जेम्स डग्लस याने शेजारच्या खडकावर त्याहून दुपटीपेक्षा उंच मनोरा बांधला. तो 1882मध्ये सुरू झाला. खडकाची निवड हीसुद्धा बांधकामाइतकीच महत्त्वाची, हा धडा त्यातून मिळाला.

जेथे निवडीला वावच नव्हता असे उदाहरण फ्रान्सचे आहे. ब्रिटनीच्या पश्चिम टोकापुढे सेन बेटाच्याही पलीकडे असलेल्या आर-मेन खडकावर 1867च्या संपूर्ण हंगामात फक्त सात वेळा उतरता आले, एकूण आठ तास काम झाले आणि पंधरा भोके पाडली गेली. ते काम सेन बेटावरच्या कोळ्यांनी केले. अंगाला बुचाचे पट्टे बांधून ते खडकावर पालथे पडत, एका हाताने खडक घट्ट धरत आणि दुसऱ्या हाताने काम करत. लाट आली की ती अंगावरून जाऊ द्यायची आणि पुन्हा सुरू करायचे. ते दीपगृह पेटायला 1881 साल उजाडले.

प्रश्न : मेणबत्त्यांचा उजेड जहाजांना दिसत असे का?
— एक विद्यार्थिनी, नाशिक

उत्तर : स्वच्छ रात्री दिसत असे, पण खलाशांना तो पुरेसा नव्हता. बेल रॉकवर तेलाचे चोवीस दिवे होते. प्रत्येकामागे चांदीचा मुलामा दिलेला अंतर्वक्र आरसा असे, आणि घड्याळासारख्या यंत्राने सगळा संच फिरत असल्यामुळे दुरून आळीपाळीने पांढरा आणि लाल प्रकाश दिसे. त्यामुळे हा दिवा दुसऱ्या कोणत्या दीपगृहाचा नव्हे, हे लगेच ओळखता येई. धुक्यात त्याच यंत्राने घंटा वाजत. खरी क्रांती फ्रेंच शास्त्रज्ञ फ्रेनेल याच्या भिंगाने झाली. कडेकडेने काचेची प्रिझम रचलेले हे भिंग चहूकडे पसरणारा प्रकाश वळवून एका दिशेला पाठवते. ते 1823मध्ये फ्रान्सच्या कॉर्डुआन दीपगृहात प्रथम बसवले गेले. दिवा कितीही प्रखर असला तरी पृथ्वीच्या गोलाईमुळे त्याला मर्यादा पडते. छत्तीस मीटर उंचीवरचा दिवा समुद्रसपाटीवरच्या डोळ्याला साधारण एकवीस किलोमीटरपर्यंत दिसतो. मनोरे उंच बांधण्याचे कारण हेच आहे.

प्रश्न : आपल्या किनाऱ्यावर अशी दीपगृहे आहेत का?
— एक वाचक, मालवण

उत्तर : मुंबईला कुलाब्याच्या दक्षिण टोकाला समुद्रात शिरलेल्या खडकांवरचे प्राँग्ज दीपगृह या जातीचे आहे. थॉमस ऑर्मिस्टन याने बांधलेले हे दीपगृह 1875चे आहे. ओहोटीला खडक उघडे पडतात आणि भरतीला मनोऱ्याचा तळ पाण्यात असतो. खांदेरीचे 1867चे दीपगृह मात्र वेगळ्या प्रकारचे आहे, कारण खांदेरी हे किल्ला असलेले बेट आहे; तेथे सामान ठेवायला आणि माणसांना राहायला कोरडी जमीन होती. वेंगुर्ल्यासमोरच्या खडकाळ बेटांवरही दीपगृह आहे. ब्रह्मदेशाच्या किनाऱ्यावरील अल्गुआडा खडकावर बंगाल इंजिनिअर्सचा अधिकारी अलेक्झांडर फ्रेझर याने स्केरीव्होरच्या धर्तीवर बांधलेले दीपगृह 1865मध्ये पेटले. स्कॉटलंडमध्ये शिकलेली रीत आशियाच्या समुद्रात कशी आली याचे ते थेट उदाहरण आहे.

प्रश्न : परदेशी गेल्यास यांतले काही आत जाऊन पाहता येते का?
— एक वाचक, पुणे

उत्तर : स्मीटनचा मनोरा निश्चित पाहता येतो. नवे दीपगृह झाल्यावर जुन्याचा वरचा भाग दगड-दगड सोडवून प्लिमथच्या किनाऱ्यावरील टेकाडावर पुन्हा उभारला गेला आणि 1884मध्ये लोकांसाठी खुला झाला. तळाचा भरीव भाग सोडवता येऊ नये इतका पक्का निघाला, तो अजूनही समुद्रात नव्या मनोऱ्याशेजारी उभा आहे. आर्ब्रोथला बेल रॉकच्या राखणदारांच्या कुटुंबांसाठी 1813मध्ये बांधलेल्या सिग्नल टॉवरच्या इमारतीत आता संग्रहालय आहे. तेथून दुर्बिणीने दीपगृहाकडे लक्ष ठेवले जाई आणि झेंड्याच्या काठीवर गोळा चढवून दोन्ही बाजूंनी खुशाली कळवली जाई. राखणदाराच्या घरी मूल झाले की मुलगा असल्यास काठीवर विजार आणि मुलगी असल्यास झगा चढवत, असे तेथे सांगतात. खुद्द बेल रॉकवर 1988पासून राखणदार नाहीत; दिवा आपोआप चालतो, आणि तेथे उतरणे आजही हवामानावर आणि ओहोटीच्या वेळेवर अवलंबून असते.